सहा-सात नावांतली एक बाई

कुणी चुलीपुढे असाल, कुणी गोठ्यात धार काढत असाल, कुणी शेतावरून परतताना मोबाइल कानाला लावला असेल. आम्ही बचत गटाकडून बोलतोय.

दर महिन्याला आम्ही इथे येतो ते शेळीचा विमा, कर्जाचा हप्ता, नाहीतर पापड-मसाल्याच्या परवान्याबद्दल बोलायला. आज आम्ही बोलणार आहोत सिनेमा लिहिणाऱ्या एका बाईबद्दल. बाई इटलीतल्या, रोम शहरातल्या. विषय सांगितला तेव्हा केंद्रावरच्या ताई म्हणाल्या, "अगं, इटली कुठं, आपण कुठं?" आम्ही म्हटलं, पंधरा मिनिटं द्या, मग सांगा.

झालं असं. गेल्या वर्षी जिल्ह्याच्या गावी आमचं दोन दिवसांचं प्रशिक्षण होतं. हिशेबाच्या वह्या, ठराव कसा लिहायचा, बँकेत काय काय कागद लागतात, तेच सगळं. पहिल्या दिवशी रात्री जेवणं झाल्यावर प्रशिक्षण देणाऱ्या मॅडमनी भिंतीवर पांढरी चादर लावली आणि एक जुना सिनेमा दाखवला. काळा-पांढरा, इटालियन भाषेतला, १९४८ सालचा. इंग्रजीत त्याला 'बायसिकल थीव्ह्ज' म्हणतात, म्हणजे सायकलचोर. खाली इंग्रजी अक्षरं पळत होती. आमच्यातल्या ज्या दोघी-तिघी कॉलेजात गेलोय, त्या वाचून मराठीत मोठ्यानं सांगत होतो. अर्ध्या तासानं मागून आवाज आला, "आता गप बसा गं. कळतंय."

गोष्ट साधी आहे. दुसरं महायुद्ध संपलेलं, रोममध्ये कामधंदा नाही. अंतोनियो नावाच्या माणसाला कशीबशी नोकरी लागते, भिंतीवर पोस्टर चिकटवण्याची. पण अट अशी की स्वतःची सायकल पाहिजे. आणि सायकल तर गहाण पडलेली. त्याची बायको मारिया काय करते? पलंगावरच्या चादरी ओढून काढते, गाठोडं बांधते आणि म्हणते, चादरीवाचून काय झोप येत नाही का? त्या चादरी गहाण टाकायच्या आणि सायकल सोडवायची. गहाणखात्याच्या खिडकीपलीकडे एक माणूस ते गाठोडं घेऊन फडताळांवर चढायला लागतो. तो चढतोय, चढतोय, आणि आपल्याला दिसतं की पार छतापर्यंत नुसती गाठोडीच गाठोडी. सगळ्या शहराच्या चादरी तिथं.

हे पाहून आमची खोली एकदम शांत झाली. आमच्यात अशी एकही नव्हती जिनं कधी ना कधी मंगळसूत्राच्या वाट्या नाहीतर तांब्याचा हंडा गहाण टाकला नव्हता.

पुढं पहिल्याच दिवशी ती सायकल चोरीला जाते. अंतोनियो आणि त्याचा सात-आठ वर्षांचा पोरगा ब्रुनो सगळं रोम पालथं घालतात. पोलीस नुसती तक्रार लिहून घेतात. जुन्या बाजारात सायकलींचे सुटे भाग मांडलेत, त्यात आपली कुठली ओळखायची? एक देवरशीण पण आहे बरं का. आधी मारिया तिला पैसे द्यायला जाते तर हा चिडतो, आणि सायकल गेल्यावर हाच पोराचा हात धरून तिच्या दारात रांगेत उभा. तिथं आम्ही फार हसलो. हसलो, कारण ओळखीचं होतं.

आणि मग शेवट. खेळाच्या मैदानाबाहेर शेकडो सायकली लावलेल्या आहेत. अंतोनियो बघतो, उठतो, बसतो, परत बघतो. पोराला ट्रामचे पैसे देतो, तू पुढं जा म्हणतो. आणि भिंतीशी टेकवलेली एक सायकल उचलून पळतो. माणसं धावतात, पकडतात, थोबाडीत मारतात, टोपी खाली पडते. पोराची ट्राम चुकलेली असते. तो हे सगळं बघतो. सायकलीचा मालक त्या पोराच्या तोंडाकडं पाहून म्हणतो, जाऊ द्या याला. मग बाप-लेक गर्दीतून चालायला लागतात. बाप रडतोय आणि पोरगा त्याच्या हातात आपला हात देतो. संपला सिनेमा.

दिवे लावले तेव्हा कुणी कुणाकडं बघत नव्हतं. मग मॅडमनी सिनेमा परत सुरुवातीला नेला आणि नावं दाखवली. सिनेमा कुणी काढला? वित्तोरियो दे सीका. गोष्ट कुणाची? चेझारे झावात्तिनी. आणि पटकथेपुढं एक नाही, सहा-सात नावं. सगळी पुरुषांची, एक सोडून. ते एक नाव सूझो चेक्की दामिको.

आमच्यातली एक पटकन म्हणाली, "चादरीचं हिनंच लिहिलं असणार. पुरुषाला घरात चादरी किती हे माहीत असतं होय?"

मॅडम हसल्या. म्हणाल्या, इतक्या जणांनी एका टेबलाभोवती बसून लिहिलेल्या गोष्टीत कुणाची ओळ कुठली हे वेगळं काढता येत नाही. पण सूझोबाईंनी पुढं मुलाखतींत एक सांगितलेलं आहे. शेवटी बापानंच सायकल चोरायला जाणं, ही कल्पना त्यांची.

म्हणजे आम्हांला वाटलं बाई आहे म्हणून चादरी लिहिल्या असतील. आणि बाईंनी लिहिलं होतं ते पुरुषाचं चोर होणं आणि पोरानं ते बघणं. आमचा अंदाज चुकला, आणि चुकला ते बरं झालं. बाईनं लिहिलं म्हणजे चूल-चादरच लिहिलं असणार, हे आमच्याही डोक्यात किती घट्ट बसलंय ते कळलं.

विचार करून बघा, तो शेवट काढून टाकला तर काय उरतं? एका गरिबाची वस्तू गेली, ती सापडली नाही. वाईट झालं. पण त्या शेवटामुळं सिनेमाचं नावच फिरतं. इटालियन नावात चोर एक नाही, अनेक आहेत. दुसरा चोर कोण, ते अगदी शेवटी कळतं.

तेव्हापासून आम्ही या बाईंच्या मागं लागलो. मॅडमनी काही कागद दिले, काही मोबाइलवर शोधलं, मिळाले ते सिनेमे बैठकीनंतर बघितले. कुणाला झोप लागली, कुणी शेवटपर्यंत पाहिले. त्यातलं जे कळलं ते सांगतो.

सूझोबाईंचा जन्म २१ जुलै १९१४ चा, रोमचा. खरं नाव जोव्हान्ना, सूझो हे घरातलं लाडाचं नाव. वडील एमिलिओ चेक्की हे मोठे लेखक आणि समीक्षक, आई लेओनेत्ता चित्रकार. म्हणजे बाई गरिबाघरच्या नव्हत्या, हे सरळ सांगून टाकतो. घर पुस्तकांनी भरलेलं. वडील काही काळ एका मोठ्या सिनेमा कंपनीत प्रमुख होते, त्यामुळं सिनेमावाल्यांचीही ऊठबस. इंग्रजी-फ्रेंच चांगलं येत होतं. लग्नाआधी सरकारी खात्यात काही वर्षं नोकरी केली. १९३८ साली फेदेले दामिको यांच्याशी लग्न झालं. ते संगीताचे अभ्यासक, आणि मुसोलिनीच्या राजवटीच्या विरोधातले. जर्मन फौजा रोममध्ये होत्या तेव्हा नवऱ्याला लपून राहावं लागलं. लढाई संपली, आता बरे दिवस येतील म्हणावं, तर नवऱ्याला क्षय. उपचाराला स्वित्झर्लंडच्या आरोग्यधामात जावं लागलं. घरात लहान मुलं. पैसा आणायचा कुणी?

बाईंनी भाषांतरं केली. आणि त्याच दिवसांत सिनेमे लिहायला लागल्या. १९४६ साली रेनातो कास्तेल्लानींचा एक सिनेमा आला, एका शाळेतल्या शिपायाची आणि मास्तर झालेल्या त्याच्या मुलाची गोष्ट. तिथं पटकथेत त्यांचं नाव लागलं. कलेसाठी कला वगैरे गोष्टी नंतरच्या, आधी घर चालवायचं होतं. हे आम्हांला आवडलं. आमचा गटही स्त्रीमुक्तीसाठी सुरू झाला असं आम्ही भाषणात म्हणतो, पण खरं सांगायचं तर सुरू झाला तो सावकाराच्या व्याजामुळं.

आता पटकथा म्हणजे काय, हे थोडक्यात. गोष्ट वेगळी आणि पटकथा वेगळी. गोष्ट दोन पानांत मावते. पटकथेत लिहायचं असतं की आधी काय दिसेल, नंतर काय दिसेल, कोण दारातून येईल, काय बोलेल, आणि कुठं काहीच बोलणार नाही. दिग्दर्शक घर बांधतो म्हणा, पण नकाशा आधी कुणीतरी काढलेला असतो. त्या काळच्या इटलीत हा नकाशा एकटा-दुकटा काढत नसे. चार-पाच जण कुणाच्यातरी घरी जमायचे, बोलायचे, भांडायचे, मग लिहायचे. 'सायकलचोर' जिच्यावरून घेतला त्या कादंबरीत सायकल हरवते ती एका कलावंताची. या मंडळींनी त्याचा बेकार मजूर केला. लिहिण्याआधी ते रोमच्या गल्ल्यांत फिरले. जुना बाजार पाहिला, खरी देवरशीण होती तिच्याकडं गेले. अंतोनियोचं काम करणारा लांबेर्तो माज्जोरानी नट नव्हता, कारखान्यातला कामगार होता. रोमचा मोठा स्टुडिओ, चिनेचित्ता, त्यात तर लढाईनंतर निर्वासितांची छावणी होती. सिनेमा काढायचा तर रस्त्यावरच काढा, अशी वेळ. रस्त्यावर उतरले आणि जगाला नवा सिनेमा मिळाला.

आमच्या गटात ज्या सिनेमावर सगळ्यांत जास्त भांडण झालं, तो मात्र दुसराच. 'लोनोरेवोले आंजेलिना', साल १९४७. म्हणजे 'माननीय आंजेलिना', आपल्याकडं आमदार-खासदाराला लावतात तसं माननीय. दिग्दर्शक लुइजी झाम्पा. पटकथेत सूझोबाई, आणि आंजेलिनाच्या कामात आन्ना मान्यानी. ही मान्यानी म्हणजे काय बाई आहे! केस विस्कटलेले, आवाज खणखणीत, दोन्ही हात कमरेवर.

आंजेलिना रोमबाहेरच्या झोपडवस्तीत राहते. नवरा पोलिसात, पाच पोरं. वस्तीत पाण्याची बोंब, बस येत नाही. दुकानदार शिधा दाबून ठेवतो आणि काळ्या बाजारानं विकतो. एक दिवस आंजेलिनाचं डोकं फिरतं. बायकांना घेऊन ती दुकानदाराच्या गोदामात घुसते आणि पोती बाहेर काढते. मग बायका तिच्या मागं लागतात. पाणी येतं, बस येते. पूर येऊन घरं पाण्यात जातात तेव्हा या बायका शेजारी बांधलेल्या रिकाम्या नव्या इमारतीत घुसतात. आंजेलिना तुरुंगातही जाऊन येते. नवरा पोलीस आणि बायको आंदोलनात, त्याची ती तारांबळ बघण्यासारखी आहे. शेवटी बायका म्हणतात, तू निवडणुकीला उभी राहा. पक्ष काढू, तुला संसदेत पाठवू.

आता साल लक्षात घ्या. इटलीत देशाच्या निवडणुकीत बायकांनी पहिल्यांदा मत दिलं ते २ जून १९४६ ला. त्या वेळी घटना बनवणाऱ्या सभेत २१ बायका निवडून गेल्या. आणि दुसऱ्याच वर्षी हा सिनेमा आला. म्हणजे पडद्यावरची आंजेलिना आकाशातून पडलेली नव्हती. थेटरात बसलेल्या बायकांनी नुकतंच बोटं धरून एकमेकींना मतदानाला नेलं होतं.

आणि मग आंजेलिना काय करते? नाही म्हणते. मला पुढारी व्हायचं नाही, मी माझ्या पोरांत जाते, तिथूनच भांडेन. आणि घरी जाते.

इथं आमचं वाजलं. गटातल्या एकीनं, ज्या स्वतः राखीव जागेवर ग्रामपंचायतीत निवडून गेल्यात, त्यांनी तर सतरंजीवर हात आपटला. "सगळी मेहनत हिनं करायची आणि खुर्चीत दुसरं कोण बसणार? हे काय लिहिलं?" दुसरी म्हणाली, "तुमच्या सहीच्या कागदावर पंचायतीत कोण बोलतं ते आधी सांगा. तिनं घरात राहून पाणी आणलं ना?" तिसरी म्हणाली, पुरुषांना सिनेमाला आणायचं तर शेवटी बाईला घरी पाठवावंच लागत असेल. रात्रीचे साडेनऊ वाजले तरी थांबेनात. आमचं मत विचाराल तर तो शेवट आम्हांला पटलेला नाही. बाई कितीही मोठ्या लेखिका असोत. मान्यानीला त्या कामासाठी व्हेनिसच्या महोत्सवात उत्तम अभिनेत्रीचं बक्षीस मिळालं, आणि खरं सांगायचं तर तिच्याकडं बघताना ती घरी गेली असं वाटतच नाही.

चार वर्षांनी, १९५१ साली, हीच मान्यानी आणि हीच लेखिका परत एकत्र आल्या, लुकीनो व्हिस्कोंतींच्या 'बेल्लिस्सिमा'मध्ये. बेल्लिस्सिमा म्हणजे फार फार सुंदर मुलगी. मूळ गोष्ट झावात्तिनींची, पटकथा सूझोबाई, फ्रांचेस्को रोझी आणि व्हिस्कोंती यांची. हा सिनेमा आमच्यातल्या प्रत्येक आईनं बघावा. टीव्हीवरच्या पोरांच्या नाचगाण्याच्या स्पर्धेला ज्यांनी अर्ज भरलाय, त्यांनी तर दोनदा.

माद्दालेना घरोघरी जाऊन इंजेक्शनं देते. तेवढ्यावर चार पैसे मिळवते. सिनेमासाठी लहान मुलगी पाहिजे अशी जाहिरात होते, आणि ही आपल्या मारियाला घेऊन स्टुडिओत धावते. मग सुरू होतो खर्च. फोटो, नाचाचा क्लास, नटी बनवायला एक शिकवणारीण, फ्रॉक, केस. नवरा ओरडतो. स्टुडिओत एक गोडबोल्या तरुण भेटतो. वरच्या लोकांचे हात ओले करावे लागतील म्हणून तिच्याकडून पन्नास हजार लिरा घेतो, आणि त्यातून स्वतःला स्कूटर घेतो. गटाचं कर्ज काढून कुणाकुणाला "साहेबांना द्यायचेत" म्हणून पैसे देऊन बसलेल्या आमच्यात दोघी आहेत. त्यांनी या ठिकाणी तोंडाला पदर लावला, हसू म्हणून की काय ते त्यांनाच माहीत.

शेवटी माद्दालेना लपून बघते. अंधाऱ्या खोलीत साहेब लोक मुलींची चाचणी पडद्यावर बघत बसलेत. तिची मारिया केकवरच्या मेणबत्त्या विझवू शकत नाही, रडायला लागते, आणि ते सगळे हसतात. पोटभर हसतात. आईला ते हसणं ऐकू येतं. नंतर तेच लोक करारपत्र घेऊन घरी येतात, कारण मोठ्या साहेबाला ती मुलगी पसंत पडली. पैसा समोर आहे. आणि माद्दालेना नाही म्हणते.

आंजेलिनाचं नाही आणि माद्दालेनाचं नाही, दोन्ही लिहिण्यात एकाच बाईंचा हात. पहिलं नाही आम्हांला खुपलं, दुसऱ्यावर टाळ्या वाजल्या. याचं काय ते तुम्ही दोन्ही सिनेमे बघून ठरवा.

व्हिस्कोंतींबरोबर सूझोबाईंनी पुढं पंचवीस वर्षं काम केलं. सगळे सांगत बसत नाही. पण १९६० चा 'रोक्को आणि त्याचे भाऊ' सांगायलाच पाहिजे. दक्षिणेतल्या गरीब मुलखातली विधवा रोझारिया आपल्या मुलांना घेऊन मिलान शहरात येते. मुलगे एकूण पाच. तळघरातली खोली, हाताला मिळेल ते काम, शहरानं एकेका भावाचं काय केलं त्याची गोष्ट. आपल्याकडून पुण्या-मुंबईला गेलेल्या घरांतल्या बायकांना ही गोष्ट परकी वाटणार नाही. सिनेमाचे पाच भाग आहेत, प्रत्येक भागाला एकेका मुलाचं नाव. आईच्या नावाचा भाग नाही. आमच्या लक्षात आलं ते सांगितलं. १९६३ च्या 'लेपर्ड'ला कान महोत्सवातलं सगळ्यांत मोठं बक्षीस मिळालं. तो लाम्पेदूझा यांच्या कादंबरीवरचा. कादंबरीत राजाचा मृत्यू आहे, त्याच्या पुढची कित्येक वर्षं आहेत. पटकथेत ते सगळं काढून टाकलं आणि सिनेमा एका लांबलचक नाचाच्या रात्रीवर संपवला. पहाटे तो राजा एकटा चालत गल्लीत जातो. बस. काय ठेवायचं यापेक्षा काय गाळायचं, हे कळणं अवघड. आमच्या इतिवृत्ताची वही वाचलीत तर पटेल.

आणि विनोदी सिनेमेही लिहिले हं. मारियो मोनिचेल्लींचा एक आहे, १९५८ चा. भुरटे चोर तिजोरी फोडायला रात्रभर भिंत पोखरतात. भिंत पडते, आणि पलीकडे निघतं स्वयंपाकघर. मग काय करणार? पातेल्यात हरभऱ्याची उसळ घातलेला पास्ता असतो, तो खात बसतात. आमच्या घरच्यांनाही हा सिनेमा आवडला.

आता नावाचं. गेल्या वर्षी आमच्या गटातल्या अकरा जणींनी मिळून दारूबंदीवर एक श्रुतिका लिहिली होती. एकीनं भांडण सांगितलं, एकीनं ओव्या बसवल्या, एकीनं दारुड्याचं बोलणं हुबेहूब लिहून काढलं, कारण तिला ते पाठच होतं. ती एका कार्यक्रमात सादर झाली आणि लेखक म्हणून नाव पुकारलं ते ज्यांनी माइक हातात धरून ती बसवून घेतली त्यांचं. मुद्दाम केलं असं आम्ही म्हणत नाही. पण परत येताना जीपमध्ये कुणी बोललं नाही.

म्हणून 'सायकलचोर'ची ती नावं पाहिल्यापासून आमच्यात दोन तट आहेत. एक तट म्हणतो, बाईंवर अन्याय झाला. जगभर लोक दे सीकांचं नाव घेतात, व्हिस्कोंतींचं घेतात, शंभरावर सिनेमे लिहिणाऱ्या या बाईंचं कोण घेतं? रोममध्ये १९५२ साली हॉलिवूडचा 'रोमन हॉलिडे' चित्रित झाला, राजकन्या आणि पत्रकाराचा. त्याच्या लिखाणावरही त्यांनी काम केलं आणि त्यात नाव लागलं नाही. तसं त्या सिनेमाचं नावांचं प्रकरण भलतंच. खरा मुख्य लेखक डाल्टन ट्रंबो, त्याला अमेरिकेत कम्युनिस्ट म्हणून काळ्या यादीत टाकलेलं, म्हणून त्याच्या जागी मित्राचं नाव लावलं आणि ऑस्करही त्या मित्राच्या नावानं दिलं. चूक सुधारायला चाळीस वर्षं लागली.

दुसरा तट म्हणतो, बाई स्वतः कुठं रडल्या? त्या स्वतःला कारागीर मानायच्या. सुतारानं दिलेल्या मापाचं दार करावं तसं दिग्दर्शकाला लागेल ते लिहून द्यायचं, आणि दार नीट लागलं की झालं. घरीच बैठका व्हायच्या, मुलंबाळं आजूबाजूला. आणि धंद्यातले लोक त्यांना ओळखून होते. १९६५ च्या एका सिनेमासाठी इतरांबरोबर ऑस्करला नामांकन मिळालं, १९९४ साली व्हेनिसनं आयुष्यभराच्या कामाबद्दल सोन्याचा सिंह दिला. वयाची नव्वदी ओलांडली तरी लिहीत होत्या.

आमच्या मते दोन्ही खरं आहे. नावासाठी अडून बसल्या असत्या तर शंभर सिनेमे झाले नसते. आणि कागदावर नाव तरी होतं, म्हणून सत्तर वर्षांनी आम्हांला ते भिंतीवरच्या चादरीवर वाचता आलं. श्रुतिकेच्या कागदावर तेही नाही.

तुम्ही म्हणाल, हे सगळं तिकडचं. तर ऐका. जानेवारी १९५२ मध्ये भारतातला पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव झाला तो आपल्या मुंबईत. तिथं 'सायकलचोर' दाखवला, आणि दे सीकांचा 'मिरॅकल इन मिलान'ही, ज्याच्या लिखाणात सूझोबाई होत्या. बिमल रॉय यांनी तिथं 'सायकलचोर' पाहिला आणि दुसऱ्या वर्षी 'दो बिघा जमीन' आला. बलराज साहनी कलकत्त्याच्या रस्त्यावर रिक्षा ओढतो, जमीन सोडवायला, आणि बरोबर त्याचा लहान मुलगा. आमच्या सासवांनी तो सिनेमा पाहून डोळे पुसलेत. त्या रडण्याची एक मुळी रोममधल्या एका बाईंच्या टेबलापर्यंत जाते, हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

एका सिनेमाचं नाव ऐकून मात्र गटात सगळ्यांत जास्त शांतता झाली. १९८६ चा, मोनिचेल्लींचाच. इटालियन नावाचा अर्थ, 'मुलगी होऊ दे'. आपल्याकडं सोनोग्राफीच्या खोलीबाहेर बसलेल्या बाईच्या मनात काय चालतं ते आपल्याला माहीत आहे. आणि इथं सिनेमाच्या नावातच नवस, मुलगी होऊ दे. गोष्ट एका शेतघरातली. शेत सांभाळणारी एलेना, तिच्या मुली, घरकाम बघणारी बाई, आणि एक डोक्यानं भरकटलेला म्हातारा काका. पुरुष येतात, पैसे मागतात, योजना सांगतात, जातात, एक तर मरतोच. बायका शेत विकायचं ठरवतात आणि शेवटी परत एका छपराखाली येतात. इटलीतलं त्या वर्षीच्या उत्तम सिनेमाचं बक्षीस त्याला मिळालं. लिहिणारे पाच जण. बाई एकच. तेव्हा त्या सत्तरी पार केलेल्या.

३१ जुलै २०१० ला, वयाच्या ९६ व्या वर्षी रोममध्येच त्या गेल्या. स्वतःचं चरित्र त्यांनी बसून लिहिलं नाही. नातीला गोष्टी सांगितल्या आणि त्याचं १९९६ साली पुस्तक झालं. नातीचं नावही त्यावर आहे.

पुढच्या गुरुवारी समाजमंदिरात संध्याकाळी सात वाजता 'माननीय आंजेलिना' परत दाखवतोय. भांडायचं असेल त्यांनी यावं. बसायला आपापली सतरंजी आणा, गेल्या वेळी दोन कमी पडल्या.

आणि हो, इथं ध्वनिमुद्रणाआधी एक कागद भरून द्यावा लागतो. त्यात 'लेखन' या शब्दापुढं एकच ओळ आहे, एका नावापुरती. आम्ही त्या ओळीवर 'मागे पाहा' असं लिहिलंय आणि मागच्या पानावर चौदा जणींनी सह्या केल्यात. दोघींचे अंगठे आहेत. केंद्रावरच्या ताई म्हणाल्या, वरच्यांना विचारून सांगते.